रेठवणचा खटका

"मिशी अजून जाड पाहिजे," तात्या म्हणाले.

फायबरचा तो पुतळा पुण्याहून टेम्पोत आडवा पडून आला होता आणि आता रेठवणच्या जुन्या तुरुंगाच्या अंगणात उभा होता. उघडाबंब, काळाकुळकुळीत, डोळ्यांत लाल रंग, दंडावर ताईत, हातात दोराचं वेटोळं. पायाशी पितळी पट्टी: 'रावजी वायदंडे, संस्थानचा जल्लाद'.

"तात्या, हे माझे पणजोबा आहेत."

"आणि माझा आजा. म्हणून तर सांगतोय. वायदंड्यांच्या घरात असली कोथिंबिरीच्या काडीएवढी मिशी कुणाची होती?"

"त्यांना मिशीच नव्हती. तुम्हीच सांगितलंय मला."

"ते म्हातारपणी. दात गेल्यावर मिशी कशाला ठेवतोय माणूस?"

रंगाऱ्यानं माझ्याकडे पाहिलं, तात्यांकडे पाहिलं आणि ब्रश काळ्या डब्यात बुडवला. मी कपाळाला हात लावला. त्या आठवड्यात माझा हात तिथेच असायचा.

मी तेव्हा कोल्हापूरला भौतिकशास्त्रात एम.एस्सी. करून पुण्यात नोकरीला लागले होते. आमची छोटी कंपनी विज्ञान केंद्रांसाठी आणि संग्रहालयांसाठी चालती मॉडेल्स बनवायची. रेठवणच्या तुरुंगाचं संग्रहालय करायचं काम आमच्याकडे आलं आणि साहेब म्हणाले, "प्रणिता, तुझंच गाव ना? मग तूच जा." फाशीच्या तख्ताचं एक चालतं मॉडेल बसवायचं, भिंतीवरचे फलक तपासायचे आणि उद्घाटन करून परत यायचं, एवढंच काम होतं. पुतळ्याबद्दल मला कुणी सांगितलं नव्हतं. तो गावातल्या संग्रहालय समितीनं परस्पर मागवला होता.

आम्ही मातंग. दोर वळणं हे आमच्याकडचं पिढीजात काम. जो दोर वळतो त्यानंच तो गळ्यात घालावा, असं जुन्या काळी कुणाच्या तरी डोक्यात आलं आणि रेठवण संस्थानात ते काम आमच्या घरावर वतन म्हणून पडलं. बदल्यात ओढ्याकाठची थोडी जमीन मिळाली. हे सगळ्या गावाला माहीत होतं आणि इतकी वर्षं कुणी त्याचं नाव काढत नव्हतं. आता पितळेची पट्टी स्क्रू मारून बसवली होती.

समितीचे अध्यक्ष देशिंगकर सर इतिहासाचे निवृत्त प्राध्यापक होते. भला माणूस. मला शाळेत असताना त्यांनी पुस्तकं वाचायला दिली होती, त्यामुळे त्यांच्याशी भांडणं अवघड होतं. फलक त्यांनीच लिहिले होते, आणि चांगले लिहिले होते. फार पूर्वी रेठवणला गुन्हेगाराला हत्तीच्या पायाखाली देत. पुढे बाजारच्या दिवशी माळावरच्या चिंचेला फाशी देऊ लागले, म्हणजे आठ गावांना दिसावं. मग इंग्रजी रीत आली आणि तख्त तुरुंगाच्या भिंतीआड गेलं. मग वजनानुसार दोराची लांबी ठरवायची पद्धत आली, म्हणजे माणूस तडफडणार नाही. शेवटच्या फलकावर आनंदराजांचा मोठा फोटो होता. संस्थानचे शेवटचे राजे. त्यांनी 'भूतदयेच्या भावनेने' फाशीची शिक्षाच बंद केली होती.

मी तो क्रम दोनदा वाचला आणि मला एक गोष्ट खटकली. प्रत्येक सुधारणा बघणाऱ्याच्या सोयीची होती. आधी सगळ्यांनी बघायचं, मग कुणीच बघायचं नाही, मग तडफड नको. करणाऱ्याची सोय कोणत्याच फलकावर नव्हती. करणारा अंगणात लाल डोळे करून उभा होता.

"सर," मी विचारलं, "फाशी गेलेल्यांची नावं आहेत. फाशी देणाऱ्याचं नाव आहे. हुकूम देणाऱ्याचं नाव कुठं आहे?"

"हुकूम संस्थानचा असतो, प्रणिता. तो व्यक्तीचा निर्णय नसतो."

"म्हणजे खटका ओढतो ती व्यक्ती आणि सही करतं ते संस्थान?"

"तू वैज्ञानिक आहेस. भावनेच्या आहारी जाऊ नकोस." सरांनी चष्मा पुसला. "तुझ्या म्हणण्याचा मी विचार करतो. आपण डोळ्यांतला लाल रंग काढू."

घरी गेले तर काकू दारातच उभी. "ही शाळेत जायची न्हाई म्हणतीय. तूच बघ आता."

ऋतुजा, तात्यांची मुलगी, आठवीत होती. पलंगावर भिंतीकडे तोंड करून बसली होती. पुतळ्याचा फोटो गावाच्या ग्रुपवर फिरला होता आणि वर्गात तो सगळ्यांनी पाहिला होता.

"मला खटका म्हणतात," ती म्हणाली. "बाईंनी हजेरी घेतली की मागून कुणीतरी 'खट्' असा आवाज काढतं. आणि उद्घाटनाला सगळ्या शाळेला नेणारेत. ताई, त्या पुतळ्याशेजारी मला उभं करतील. फोटोला."

"कोण उभं करतंय बघते मी," असं म्हणाले खरी. पण कुणाला बघणार? तात्या तेव्हाच ओसरीवर इस्त्रीवाल्याशी फेट्याच्या कडकपणावरून वाद घालत होते.

मी बाहेर जाऊन बसले. "तात्या, ती पट्टी काढायला सांगा. तुम्ही म्हणालात तर सर ऐकतील. तुम्ही घरातले वडीलधारे."

"का काढायची?"

"पोरीला शाळेत चिडवतात."

"चार दिवस चिडवतील. अगं, चार पिढ्यांत पहिल्यांदा वायदंड्यांचं नाव पितळेवर आलंय! आजवर आपलं नाव कुठं होतं? तलाठ्याच्या दप्तरात, ते बी चुकीचं."

"जल्लाद म्हणून आलंय."

"मग? दरोडेखोर म्हणून आलंय का? संस्थानचा नोकर होता माझा आजा. मोठमोठे गुन्हेगार त्याचं नाव ऐकून लटलट कापायचे."

आतून काकूचा आवाज आला. "कापायचे म्हणं! शेवटचा तर त्येच्याकडनं पाणी पिऊन गेला."

"तू गप बस गं!"

तात्या असे खेकसले की इस्त्रीवाला फेटा तिथेच टाकून निघून गेला. मी काकूकडे पाहिलं. ती भाकरी थापता थापता पीठ झटकत दारात आली.

"सांगा की पोरीला. शिकलेली हाय. लपवून काय मिळालं आजपतूर?"

"काय लपवलंय?" मी विचारलं.

तात्यांनी पानाचा डबा पुढे ओढला. मग बोलले ते माझ्याकडे न बघता, रस्त्याकडे बघत, एखाद्या नालायक नातेवाइकाची तक्रार सांगावी तसं.

"शेवटची फाशी त्यानं दिलीच न्हाई. ही गोष्ट बाहेर बोलायची न्हाई, सांगून ठेवतो."

"म्हणजे? नकार दिला?"

"नकार कसला देतोय! नकार दिला असता तर निदान मर्द तरी म्हणाले असते. अडून बसला गाढवासारखा." तात्यांनी पान जुळवायला घेतलं. "रीत असायची. गुन्हेगार फळीवर उभा राहिला, दोर गळ्यात आला, की खटक्यावर हात ठेवून जल्लादानं मोठ्यानं विचारायचं, 'हुकूम कुणाचा?' मग कारभाऱ्यानं राजाचं नाव घ्यायचं, सगळ्या बिरुदावलीसकट. ते नाव कानावर पडल्याबिगर हात हलवायचा न्हाई. का, तर पाप ज्याचं त्याच्याकडं जावं. मधल्यामधी आपल्या घरात मुक्कामाला नको."

"मग?"

"मग हे आनंदराजे. शिकून आलेले, पुण्यामुंबईला दयेवर भाषणं देणारे. त्यांनी कारभाऱ्याला सांगून ठेवलं, त्या जागी माझं नाव घ्यायचं न्हाई. सही केलेली हाय, तेवढं पुरे. आज्यानं विचारलं, हुकूम कुणाचा? कारभारी म्हणाला, संस्थानचा. आजा म्हणाला, संस्थान म्हंजे कोण? त्याला तोंड हाय का?"

मी हसले. तात्या हसले नाहीत.

"हसतीस काय! पुन्हा विचारलं, पुन्हा तेच. कारभारी ओरडला, दम दिला, चाबूक आणवला. ह्याचा हात खटक्यावर तसाच. ओढत बी न्हाई, काढत बी न्हाई. वाड्यावर माणूस पिटाळला, तर तिथनं निरोप आला की महाराज पूजेत हायेत. ऊन वर आलं. तो फाशीचा माणूस, धनगराचा पोरगा होता, बांधावरनं भावकीत खून केलेला, तो उभा राहून राहून कंटाळला आणि फळीवरच खाली बसला. म्हणाला, तुमचं मिटंस्तोवर पाणी तरी द्या. आज्यानं एका हातानं त्याला तांब्या दिला. दुसरा खटक्यावरच." तात्यांनी मान हलवली. "शेवटी नेला माघारी कोठडीत. नंतर त्याला जन्मठेप केली. आणि आमची ओढ्याकाठची जमीन खालसा. नोकरीत कसूर! एक नाव ऐकू आलं न्हाई म्हणून काळी कसदार जमीन घालवली. माझा बाप जन्मभर दुसऱ्याच्या मळ्यात राबला. हे सांगू लोकांना?"

"तात्या, हेच तर सांगायला हवं!"

"अगं, खुळी का काय तू? फाशी देत होता म्हटल्यावर लोक दबून असतात. कामावरनं काढला म्हटल्यावर हसतात."

एवढी चांगली गोष्ट माणूस लाज म्हणून पोटात ठेवतो आणि लाजेची गोष्ट फेटा बांधून मिरवतो. आणि हा माझा सख्खा चुलता.

मी तशीच सायकल काढून देशिंगकर सरांकडे गेले. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं, चहा दिला आणि विचारलं, "पुरावा?"

"घरातली आठवण आहे."

"प्रत्येक घरात अशी एखादी आठवण असते. माझे पणजोबा वाघाशी लढले होते. निदान आजी तसं सांगायची. माझ्याकडे आनंदराजांचं छापील भाषण आहे. तुझ्याकडे काय आहे?"

चीड याचीच आली की सरांच्या जागी असते तर मीही हेच विचारलं असतं. पाच वर्षं मला हेच शिकवलं होतं. मी चहा ढवळत बसले आणि मग मला सुचलं.

"सर, आमची जमीन कधी खालसा झाली?"

"फाशी बंद झाली त्याच साली. माझ्या पुस्तकात आहे."

"कशाबद्दल?"

"कसुरीबद्दल."

"फाशी राजांनी दयेपोटी बंद केली, तर जल्लादाकडून कसूर कसली झाली? कामच राहिलं नाही तर कामात चूक कशी होईल?"

सरांनी कप खाली ठेवला. त्यांना ते पटलं होतं, हे मला त्यांच्या तोंडावर दिसत होतं. पण त्यांच्या मागच्या कपाटात त्यांच्याच पुस्तकाच्या न खपलेल्या प्रती होत्या, त्याही मला दिसत होत्या.

"विचार करण्यासारखं आहे," ते म्हणाले. "दुसऱ्या आवृत्तीत तळटीप देता येईल. उद्या उद्घाटन आहे, आता फलक कसे बदलणार? आणि यशराजेंना काय वाटेल?"

यशराजे म्हणजे आनंदराजांचे नातू. तुरुंगाची जागा त्यांनीच दिली होती. वाड्यासमोरचं लॉन ते लग्नांना भाड्यानं देत आणि सगळ्यांशी अदबीनं वागत. त्या संध्याकाळी मी त्यांना मॉडेल दाखवायला गेले तेव्हा ते मंडपवाल्याशी फोनवर बोलत होते.

"प्रणिताताई, फारच सुंदर झालंय. खटका खरा चालतो?"

"चालतो. ओढला की फळी पडते आणि वाळूची पिशवी खाली जाते. राजेसाहेब, तुमच्या आजोबांनी फाशीच्या जागी स्वतःचं नाव घ्यायला मनाई केली होती, हे तुम्ही कधी ऐकलंय?"

ते मनमोकळं हसले. "आजोबा फार हळवे होते हो. मुंगी चिरडली तरी जेवायचे नाहीत."

"सही मात्र करायचे."

"त्या काळी करावीच लागायची. वरून इंग्रजांचा आग्रह." पुन्हा फोन वाजला. "हां, बोला. नाही नाही, जनरेटर तुमचाच."

कारभारी म्हणाला संस्थान. राजे म्हणाले सही पुरे. नातू म्हणतो इंग्रज. त्या इंग्रजाला उठवून विचारलं असतं तर तो म्हणाला असता, कायदा. इतक्या लांब साखळीत जोर शेवटच्या कडीवर येतो, हे कळायला एम.एस्सी. लागत नाही. मी मॉडेलचे स्क्रू आवळले आणि घरी आले.

उद्घाटनाला आमदार येणार होते, ते वाटेत कुठल्याशा बारशाला थांबले. शाळेची मुलं उन्हात सतरंजीवर बसली होती. ऋतुजाला बाईंनी धरून आणलं होतं. ती तिसऱ्या रांगेत खाली मान घालून बसली होती आणि तिच्या मागून मधूनच 'खट्' ऐकू येत होतं. वाट पाहून पाहून देशिंगकर सरांनी माइक घेतला.

"साहेब येईपर्यंत आपण मॉडेलचं प्रात्यक्षिक पाहू. आणि हा खटका ओढण्यासाठी मी विनंती करतो, संस्थानच्या जल्लाद घराण्याचे वारस, श्री. वायदंडे यांना!"

मी सरांकडे पाहिलं. हे मला सांगितलं नव्हतं. तात्यांना मात्र माहीत असावं, कारण ते फेटा सावरत उठलेच होते. टाळ्या झाल्या. फोटोग्राफर गुडघ्यावर बसला. यशराजे बाजूला सरकून हसऱ्या चेहऱ्यानं उभे राहिले.

मॉडेल व्यासपीठावरच्या टेबलावर होतं. तख्त गुडघ्याएवढं उंच, त्यावर सागवानी फळी, दोराला वाळूची पिशवी. दोर आमच्या घरचाच, काकूनं वळलेला. तात्यांनी खटक्याची मूठ धरली.

"काका, इकडं बघा. हसा. आता ओढा," फोटोग्राफर म्हणाला.

तात्या ओढेनात.

"ओढा की."

तात्यांचा चेहरा कसातरी झाला. मला वाटलं उन्हानं चक्कर येतेय, म्हणून मी पुढे झाले. पण ते पिशवीकडे बघत होते. पिशवी थोडी हलत होती. मग त्यांनी घसा साफ केला आणि एकदम मोठ्यानं, माइक नसताना सगळ्या अंगणाला ऐकू जाईल अशा आवाजात विचारलं,

"हुकूम कुणाचा?"

मुलं हसली. सरही हसले, त्यांना वाटलं नाट्य चाललंय. "समितीचा!" ते म्हणाले.

"समिती म्हंजे कोण?"

"अहो तात्या, ओढा ना आता. आमदार यायचेत."

"हुकूम कुणाचा?"

यशराजे पुढे आले. काहीतरी गडबड आहे हे त्यांच्या लक्षात आलं होतं, आणि समारंभातली गडबड निस्तरायची त्यांना सवय होती. "माझा!" ते हात वर करून म्हणाले. "झालं? श्रीमंत यशवंतरावराजे, आनंदरावराजे यांचे नातू, रेठवणकर. माझा हुकूम. ओढा!"

खूप टाळ्या पडल्या. तात्यांनी त्यांच्याकडे नीट पाहिलं, मान डोलावली आणि खटक्यावरचा हात काढून घेतला.

"बरं झालं," ते म्हणाले. "हुकूम तुमचा, मग हात बी तुमचाच लावा."

आणि ते पायऱ्या उतरून सतरंजीच्या कडेला जाऊन बसले.

"हे काय, काका!" फोटोग्राफर वैतागून ओरडला. "माझा कॅमेरा तयार आहे हो!"

यशराजे हसत हसत टेबलापाशी गेले. "चला, मीच ओढतो." त्यांनी मूठ धरली. मी जवळ उभी होते, म्हणून मला दिसलं. पिशवीला काकूनं वरच्या बाजूला सुतळीनं गाठ मारली होती आणि ती गाठ अगदी मानेसारखी दिसत होती. यशराजांनी एकदा पिशवीकडे पाहिलं, एकदा मुलांकडे. बोटं मुठीवर आवळली गेली. मग सैल झाली.

"राहू दे," ते म्हणाले. "लहान मुलं आहेत समोर."

"सर," तिसऱ्या रांगेतून आवाज आला. ऋतुजा उभी राहिली होती. बाईंनी तिचा ड्रेस धरून खाली ओढलं तरी ती बसली नाही. "सर, मग ओढायचा कुणी?"

तिच्या मागून कुणीही आवाज काढला नाही. देशिंगकर सरांनी माइक तोंडाजवळ नेला, परत खाली घेतला आणि बंद केला. अंगणात सगळे एकमेकांकडे बघत होते. रस्त्यावर आमदारांच्या गाड्यांचे हॉर्न ऐकू यायला लागले.

यशराजे माझ्या शेजारी आले. ते पुतळ्याच्या पायाशी बघत होते.

"प्रणिताताई," ते हळू आवाजात म्हणाले, "त्या पट्टीवर आजोबांचं नाव घालता येईल? रावजींच्या वर?"

मी स्क्रू-ड्रायव्हर आणायला गेले.